मैदानाखालचे गाव

गाव कशाला म्हणावे, हा प्रश्न वरवर पाहता अगदी सोपा वाटतो. गावाला शीव असते, देऊळ असते, पाणवठा असतो. घरांची जागा ती पांढरी आणि शेताची जमीन ती काळी, अशी वाटणी आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली आहे. परंतु ज्या गावाची पांढरीही उरली नाही आणि काळीही उरली नाही, ज्याच्या जागी आज केवळ गवत पसरलेले आहे, त्याला गाव म्हणावे की म्हणू नये? कोलकात्यासारख्या अफाट महानगराच्या मध्यभागी असे एक गाव होते. त्याचे नाव गोविंदपूर.

कोलकाता हे शहर तीन खेड्यांतून वाढले, ही गोष्ट इतिहासाच्या पुस्तकांत बहुधा एका ओळीत सांगितली जाते. हुगळी नदीच्या पूर्व काठावर, उत्तरेकडून दक्षिणेकडे एका ओळीत वसलेली ती तीन खेडी म्हणजे सुतानुटी, कलिकाता आणि गोविंदपूर. सुतानुटी हे नाव तेथे भरणाऱ्या सुताच्या बाजारावरून पडले असे मानतात. मधल्या कलिकाता गावाने पुढे साऱ्या शहराला आपले नाव दिले. सुतानुटीचे नाव आज भुयारी रेल्वेच्या ‘शोभाबाजार सुतानुटी’ या स्थानकाच्या रूपाने लोकांच्या तोंडी आहे. तिसऱ्या गावाच्या वाट्याला मात्र असे काही आले नाही. गोविंदपूरच्या भूमीच्या कडेने जाणाऱ्या त्याच रेल्वेवर १९८४ साली एक स्थानक उघडले, त्याचे नाव ठेवले गेले ‘मैदान’.

गोविंदपूर कोठे वसले होते हे समजून घ्यायचे असेल, तर आधी त्या भूमीची ठेवण लक्षात घेतली पाहिजे. हुगळी ही गंगेचीच एक शाखा. समुद्राची भरती-ओहोटी तिच्या पात्रात दूरवर जाणवते. पुराबरोबर येणारा गाळ वर्षानुवर्षे काठावर साचत गेल्यामुळे नदीलगतची पट्टी थोडी उंच झाली आणि तेथून जमीन पूर्वेकडे उतरत जाऊन खाऱ्या पाणथळीला मिळाली. आपल्याकडे नदीपासून दूर जावे तशी जमीन चढत जाते. येथे नेमके उलटे आहे. त्यामुळे माणसांनी वस्तीसाठी नदीकाठचा उंचवटाच निवडला. गोविंदपूर अशाच उंचवट्यावर होते. त्याच्या पश्चिमेला नदी होती. उत्तरेला कलिकाता गावापासून त्याला वेगळे करणारी एक खाडी होती. ती खाडी कधीच बुजली. पण ‘क्रीक रो’ या रस्त्याच्या नावात तिची खूण राहिली आहे. दक्षिणेला आदिगंगा, म्हणजे गंगेचा जुना, रोडावलेला प्रवाह होता. त्या प्रवाहाला एके काळी गोविंदपूरची खाडी असेच म्हणत. पुढे १७७५ ते १७७७ या काळात विल्यम टॉली नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने तो खोदून रुंद केला आणि खाडीला त्याचे नाव चिकटले. पूर्वेला दाट जंगल होते. जंगलापलीकडून कालीघाटच्या देवीकडे जाणाऱ्या यात्रेकरूंची वाट जात असे आणि त्या बाजूला चौरंगी नावाचे खेडे होते.

अशा जागी माणसे आली ती दुसरी एक नदी आटली म्हणून. सोळाव्या शतकापर्यंत बंगालचा मोठा व्यापार सप्तग्राम या बंदरातून चालत असे. हे बंदर सरस्वती नदीच्या काठी होते. सरस्वतीचे पात्र गाळाने भरत गेले आणि मोठी गलबते तेथवर पोहोचेनाशी झाली. पोर्तुगीजांची जहाजे मग हुगळीच्या पश्चिम काठावरील बेतोड येथे नांगर टाकू लागली. त्या शतकात तेथे येऊन गेलेल्या सेझारे फेदेरिची या व्हेनिसच्या प्रवाशाने एक विलक्षण गोष्ट नोंदवून ठेवली आहे. जहाजे आली की बेतोडला गवताच्या झोपड्यांचा बाजार उभा राही आणि जहाजे निघून गेली की तो जाळून टाकीत. दरवर्षी गाव वसायचे आणि दरवर्षी राख व्हायचे. नदीच्या पलीकडच्या काठावर मात्र काही कुटुंबांनी कायमची वस्ती करण्याचे ठरविले. सप्तग्रामहून आलेली ती कापडाच्या व्यापारातील सेठ आणि बसाक या आडनावांची कुटुंबे होती. चार बसाकांची आणि एक सेठांचे, अशी पाच घरे प्रथम आली असे परंपरा सांगते. त्यांनी जंगल तोडले, तळी खोदली, आपल्या कुलदैवताची, गोविंदजींची स्थापना केली. त्या देवाच्या नावावरून गावाला गोविंदपूर म्हणू लागले, असे अनेक अभ्यासक मानतात.

येथे एक गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. ईस्ट इंडिया कंपनीचा अधिकारी जॉब चार्नॉक २४ ऑगस्ट १६९० रोजी सुतानुटीच्या घाटावर उतरला आणि त्या दिवशी शहराचा जन्म झाला, असे दीर्घकाळ शिकविले जात होते. वस्तुतः तेव्हा तिन्ही गावे नांदती होती. १६९८ साली कंपनीने या तीन गावांचे जमीनदारी हक्क सावर्ण रायचौधुरी घराण्याकडून १,३०० रुपयांना घेतले. जे नाही ते विकत घेता येत नाही, हे त्या खरेदीखतावरूनच सिद्ध होते. कलकत्ता उच्च न्यायालयानेही २००३ साली चार्नॉकला शहराचा संस्थापक म्हणता येणार नाही, असा निर्णय दिला.

खरेदीनंतर कंपनीने जमिनीची मोजणी केली. १७०६च्या मोजणीत गोविंदपूरची जमीन एकूण १,१७८ बिघे भरली. बंगालमध्ये साधारण तीन बिघ्यांचा एक एकर होतो. या १,१७८ बिघ्यांपैकी घरांखाली होते केवळ ५७ बिघे. म्हणजे सुमारे वीस एकरांची पांढरी. बाकी सारे शेत, बाग, बांबूची बेटे आणि जंगल. एवढेसे ते गाव. सकाळी नदीवर जाळी टाकणारे कोळी, सूत काढणारी आणि विणणारी कुटुंबे आणि त्यांचा माल विकणारे सेठ-बसाक यांचे ते गाव होते.

याच काठावर, सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात, जेसोरकडून पंचानन कुशारी नावाचे एक ब्राह्मण गृहस्थ येऊन राहिले. नांगरलेल्या परदेशी जहाजांना सामान पुरविण्याचे काम ते करीत. गावात बहुतेक वस्ती कोळ्यांची. ते या ब्राह्मण शेजाऱ्याला आदराने ‘ठाकूर’ म्हणू लागले. जहाजांवरच्या लोकांनीही तेच नाव उचलले आणि पुढे इंग्रजांच्या तोंडी त्याचे ‘टागोर’ झाले. रवींद्रनाथांच्या घराण्याला आडनाव मिळाले ते असे, गोविंदपूरच्या कोळीवाड्यात. ज्या कोळ्यांनी ते नाव दिले, त्यांच्यापैकी एकाचेही नाव मात्र इतिहासात राहिलेले नाही.

या छोट्या गावाच्या भवितव्याशी महाराष्ट्राचाही एक संबंध आहे आणि तो फारसा सुखद नाही. १७४२ साली नागपूरकर रघूजी भोसले यांचे दिवाण भास्करराम कोल्हटकर यांच्या नेतृत्वाखाली मराठी फौजा चौथाई वसूल करण्यासाठी बंगालमध्ये शिरल्या. सरकारी घोडा आणि हत्यार घेऊन लढणाऱ्या स्वाराला मराठीत बारगीर म्हणतात. बंगाली लोकांनी त्याचे ‘बर्गी’ केले. १७५१ साली नवाब अलीवर्दीखानाशी तह होईपर्यंत या स्वाऱ्या वारंवार होत राहिल्या. भागीरथीच्या पश्चिमेची कितीतरी खेडी त्यांत लुटली आणि जाळली गेली. गंगाराम या कवीने त्याच काळात लिहिलेल्या ‘महाराष्ट्र पुराण’ या बंगाली काव्यात त्या हालअपेष्टांचे वर्णन आहे. मूल झोपत नसले की बर्गी आले असे सांगणारे अंगाईगीत बंगालमध्ये आजही ठाऊक आहे. अटकेपार झेंडे लावल्याचा अभिमान बाळगणाऱ्या मराठी माणसाने हे अंगाईगीतही ठाऊक करून घेतले पाहिजे. कारण एका प्रांताची शौर्यकथा ही दुसऱ्या प्रांताची भयकथा असू शकते.

बर्गींच्या भीतीने कोलकात्याच्या रहिवाशांनी स्वतःच्या खर्चाने शहराभोवती खंदक खणण्यास प्रारंभ केला. सुतानुटीच्या उत्तरेपासून गोविंदपूरच्या दक्षिणेपर्यंत सुमारे सात मैलांचा अर्धवर्तुळाकार खंदक खणण्याचा बेत होता. सहा महिन्यांत तीन मैल काम झाले. तोवर मराठे शहराकडे येत नाहीत असे दिसून आले आणि काम थांबले. उत्तरेकडचा भाग खंदकाच्या आत आला. दक्षिणेकडची बाजू उघडीच राहिली. पुढे १७९९मध्ये या खंदकाचा बराचसा भाग बुजवून त्याच्या रेषेवर वर्तुळाकार रस्ता बांधण्यात आला. बागबाजारातील ‘मराठा डिच लेन’ या गल्लीच्या नावात तो अजून ओळखू येतो. मराठे कोलकात्यावर कधीच चालून आले नाहीत. आला तो नवा नवाब सिराजउद्दौला. जून १७५६मध्ये त्याचे सैन्य, खंदक अपुरा होता त्या बाजूने शहरात शिरले.

कंपनीचा जुना किल्ला तेव्हा कलिकाता गावात, नदीकाठी, आजच्या मुख्य टपाल कार्यालयाच्या परिसरात होता. त्याच्याभोवती गोऱ्या व्यापाऱ्यांची उंच उंच घरे उभी राहिली होती. नवाबाच्या सैनिकांनी याच घरांच्या आडोशाने आणि छपरांवरून किल्ल्यात गोळ्या झाडल्या. दोन-तीन दिवसांत किल्ला पडला. जानेवारी १७५७मध्ये क्लाइव्ह आणि वॉटसन यांनी शहर परत घेतले, जूनमध्ये प्लासीची लढाई झाली आणि बंगालची सत्ता कंपनीच्या मुठीत आली. नवा किल्ला बांधायचे ठरले तेव्हा जुन्या पराभवाचा धडा इंग्रजांच्या ध्यानात होता: किल्ल्याभोवती शत्रूला लपायला एकही भिंत, एकही झाड असता कामा नये. तोफेच्या माऱ्याच्या टप्प्यात सगळीकडे मोकळी जमीन हवी. अशी जागा शोधताना नजर गेली ती दक्षिणेकडच्या गावावर. तेथे वस्ती थोडी होती, नदी खोल होती, आणि जमिनीवर कंपनीचा हक्क आधीपासूनच होता.

१७५८ साली कामाला सुरुवात झाली आणि गोविंदपूर उठले. हे गाव पुराने वाहून गेले नाही, दुष्काळाने ओस पडले नाही, शत्रूने जाळले नाही. ते रीतसर मोजून, नुकसानभरपाई देऊन, दुसरीकडे जमिनी नेमून देऊन हलविण्यात आले. रहिवाशांना तालतला, कुमारटुली, शोभाबाजार अशा भागांत जागा देण्यात आल्या. सेठ आणि बसाक उत्तरेकडे, सुतानुटी आणि बडाबाजाराच्या परिसरात गेले. नवकृष्ण देव यांचे घराणे शोभाबाजारात स्थिरावले आणि तेथील त्यांची दुर्गापूजा प्रसिद्धीस आली. ठाकूर घराणे पाथुरियाघाटा येथे गेले. पुढे नीलमणी ठाकूर यांनी वेगळे होऊन १७८४ साली जोडासाँको येथे घर केले. त्याच जागेवरच्या वाड्यात १८६१ साली रवींद्रनाथांचा जन्म झाला. गोविंदपूर उठले नसते, तर साहित्याच्या इतिहासात जोडासाँको हे नाव कदाचित आलेच नसते.

पण ही झाली कागदपत्रे असलेल्या घरांची हकिकत. ज्यांच्याकडे वाडा होता, देऊळ होते, व्यापार होता, त्यांचा माग काढता येतो. जाळी विणणारे कोळी कोणत्या घाटावर गेले? सूत काढणाऱ्या बायकांनी नवे घर कोठे मांडले? ५७ बिघ्यांच्या त्या पांढरीवर कितीतरी चुली असतील. त्यांपैकी फार थोड्या चुलींचे पुढे काय झाले ते आपल्याला सांगता येते. नुकसानभरपाई जमिनीची होते, घराची होते. शेजाराची भरपाई कशी करणार? एका घाटावर पाणी भरणारी माणसे चार वेगवेगळ्या वाड्यांत विखुरली, की गावातला माणूस जिवंत राहतो. गाव मात्र राहत नाही.

किल्ल्याचे काम १७८१पर्यंत चालले. त्यावर सुमारे वीस लक्ष पौंड खर्च झाले असे सांगतात. किल्ल्याभोवतीचे जंगलही तुटले आणि गाव व जंगल मिळून जी मोकळी जमीन तयार झाली, तेच आजचे कोलकात्याचे मैदान. मुंबईच्या वाचकाला ही गोष्ट अपरिचित वाटू नये. मुंबईच्या कोटासमोरही तोफांच्या माऱ्यासाठी अशीच जमीन मोकळी राखलेली होती आणि आजचे आझाद मैदान, क्रॉस मैदान व ओव्हल हे तिचेच तुकडे आहेत. मुंबईचा कोट १८६०च्या दशकात पाडला गेला आणि मोकळ्या जमिनीचे तुकडे पडले. कोलकात्याचा किल्ला टिकला, म्हणून त्याच्यासमोरचे मैदानही पुष्कळसे अखंड राहिले. सुमारे एक हजार एकरांचा हा विस्तार भारतीय लष्कराच्या ताब्यात आहे.

या साऱ्या हकिकतीतील सर्वांत विचार करायला लावणारी गोष्ट अशी, की ज्या हल्ल्याच्या धास्तीने हा किल्ला बांधला, तो हल्ला त्यावर कधीच झाला नाही. मराठ्यांच्या भीतीने खणलेला खंदक मराठ्यांनी पाहिलाही नाही. नव्या शत्रूच्या भीतीने बांधलेल्या तटावरील तोफांना शत्रूवर डागण्याची वेळ आली नाही. दोन्ही भीती खोट्या ठरल्या. गोविंदपूरचे उठणे तेवढे खरे ठरले. काळाची चाल कशी असते पाहा: २०२४च्या अखेरीस भारतीय लष्कराने या फोर्ट विल्यमला ‘विजय दुर्ग’ हे नाव दिले, ते सिंधुदुर्ग जिल्ह्यातील शिवकालीन आरमारी किल्ल्याच्या नावावरून. ज्या शहराने मराठ्यांना अडविण्यासाठी खंदक खणला होता, त्याच शहरातील किल्ला आज एका मराठी किल्ल्याचे नाव धारण करून उभा आहे. गोविंदपूर हे नाव मात्र कोणी परत आणलेले नाही.

मैदानाने कोलकात्याला काही दिले नाही असे नाही. दाटीवाटीच्या या शहराला तेथे श्वास घेता येतो. मोहनबागान, ईस्ट बंगाल, महमेडन स्पोर्टिंग या क्लबांचे तंबू तेथेच आहेत. २९ जुलै १९११ रोजी मोहनबागानच्या बहुतेक अनवाणी खेळाडूंनी ईस्ट यॉर्कशर रेजिमेंटचा दोन विरुद्ध एक गोलने पराभव केला, तो याच मैदानावर. स्वातंत्र्यानंतरच्या कित्येक प्रचंड सभा ब्रिगेड परेड ग्राउंडवर झाल्या. सकाळी तेथे मुले चेंडू खेळतात, संध्याकाळी झालमुडी खात माणसे गवतावर बसतात. ते गवत आपोआप उगवलेले आहे. ती मोकळीक मात्र आपोआप आलेली नाही. कोणाच्या तरी अंगणावर ती उभी आहे, एवढे जाणणारा माणूस त्या गवतावर थोडा निराळ्या पावलांनी चालेल.

महाराष्ट्रालाही अशी गावे अनोळखी नाहीत. कोयना, उजनी अशा धरणांच्या पाण्याखाली कितीतरी गावठाणे गेली. उन्हाळ्यात उजनीचे पाणी ओसरले, की पळसदेवचे जुने देऊळ उघडे पडते आणि उठून गेलेली माणसे ते पाहायला येतात. त्या गावांना निदान वर्षातून कधीतरी वर येण्याची मुभा आहे. गोविंदपूरला तीही नाही. धरण, रस्ता, विमानतळ, कारखाना ही कामे करावी लागतात आणि त्यांसाठी जमीनही लागते, हे मान्य केले पाहिजे. पण ती कोणाची गेली, ते कोठे गेले आणि त्यांना काय मिळाले, याची नोंद राहिली पाहिजे, हेही तितकेच मान्य केले पाहिजे.

अशी नोंद सरकारी दप्तरात असते. परंतु दप्तर बिघे मोजते. गावातील विहिरींची नावे, शेतांची नावे, पारावर कोण बसे, पहिला पाऊस कोणत्या टेकडीवरून दिसे, हे दप्तरात येत नाही. ते गावातल्याच माणसाला लिहावे लागते. गोविंदपूरच्या कोळ्यांना लिहिता येत असते, तर आज आपल्याला त्यांच्या घाटाचे नाव कदाचित ठाऊक असते. उशिरा का होईना, ज्याच्या हाती लेखणी आली आहे, त्याने आपल्या गावाची चार पाने लिहून ठेवावीत. त्यासाठी मोठा इतिहासकार असावे लागत नाही. आपला पाणवठा आठवत असला म्हणजे पुरे.